मिसरहून आलेला पाहुणा

आमच्या वाडीतल्या बायकांना पुणं कुठल्या अंगाला आहे हे सांगता आलं नसतं, पण मिसर कुठं आहे हे त्या छातीठोकपणे सांगत. दासगावच्या बंदरातून लाँच, लाँचीनंतर मुंबई, मुंबईहून मोठी आगबोट, आणि पाणी संपेल तिथं मिसर. माझा थोरला भाऊ महादू तिथं, म्हणजे इजिप्तात, होता, म्हणून ही माहिती. पोलादपूरहून आंबेनळीची वाट धरली की घाट लागायच्या आधी, डोंगराच्या कुशीत, आमची मूठभर घरं. बहुतेक घरांतला एखादा तरी माणूस मुंबईला, गिरणीत नाहीतर गोदीत. दादाही तसाच गेला, चुलत्याच्या मागोमाग. पण गिरणीच्या धुळीत तो टिकला नाही. दादरच्या बाजूला एका सिनेमा कंपनीत त्याला फळ्या धरायचं काम मिळालं. चंदेरी कागद चिकटवलेल्या मोठ्या फळ्या, त्यांच्यावर ऊन झेलायचं आणि ते नटनट्यांच्या तोंडावर पाडायचं. आईला हे काही केल्या उमजत नसे. "उनात उभ्या असलेल्या मान्साच्या तोंडावर आनिक ऊन कशापायी टाकायचं रे?" ती विचारायची, आणि सुट्टीवर आलेला दादा पडवीत हसून लोळायचा. फळ्या धरता धरता तो कॅमेऱ्याकडं सरकला. आधी कॅमेऱ्याचं तीन पायांचं तिकाटणं उचलणारा, मग फिल्म भरणारा, मग हँडल फिरवणारा. तेव्हा कॅमेरा हातानं फिरवत. हाताची लय मोडू नये म्हणून फिरवणारा मनात काहीतरी गुणगुणत असे, आणि दादा गुणगुणायचा ती आईची जात्यावरची ओवी. म्हणजे त्या मुक्या सिनेमांतले राजे, राण्या, घोडे सगळे आमच्या आईच्या जात्याच्या वेगानं चालत होते. आईला हे सांगितलं तेव्हा ती घाबरली. म्हणाली, "मंग माजं दळान थांबलं तर ते सगळं थांबंल का काय?"

मिसरला त्याला नेलं ते अनीस बे नावाच्या माणसानं. बे म्हणजे आपल्याकडं राव म्हणतात तसं. हा अनीस बे तिकडं अरबी भाषेतले सिनेमे काढायचा. मुंबईत यंत्रं बघायला आला होता, त्यानं दादाचं काम पाहिलं आणि चल म्हणाला. तिथल्या लोकांना महादू हे नाव जमेना, त्यांनी त्याचं महदी केलं. दोन-तीन वर्षांनी दादा सुट्टीवर यायचा तेव्हा बोलता बोलता अडला की आधी अरबी शब्द तोंडात यायचा, मग हिंदी, मग आमचा. तो पत्र्याच्या डब्यातून खजूर आणायचा, आईला काळी रेशमी ओढणी आणायचा, आणि ती ओढणी आई पाटीतली सुकट झाकायला वापरायची. एकदा त्यानं एक फोटो आणला होता. त्यात तो आमच्या कणगीएवढ्या मोठ्या दिव्याशेजारी उभा होता. दिवा पेटला की त्याच्याकडं बघवत नाही, तरी बघावं लागतं, असं तो सांगायचा. त्याच्या तोंडून मी ज्या गोष्टी ऐकल्या त्यांत नट-नट्यांचं कौतुक नसायचं. वाळूच्या टेकडीवर सकाळचं ऊन तिरपं पडलं की तिच्या अंगावर वळ्या कशा दिसतात, गाणारीच्या बुरख्यामागून उजेड कसा आणला की डोळे तेवढे चमकतात, हेच. मी तेव्हा दहा-बारा वर्षांची असेन. आजतागायत मी वाळवंट पाहिलेलं नाही, पण ते ओल्या मातीत नांगर फिरवल्यासारखं दिसत असणार अशी माझी खात्री आहे, आणि आता या वयात ती मोडायची माझी इच्छा नाही.

मग एका वैशाखात तो न कळवता आला. दासगावहून बैलगाडीनं पोलादपूर, तिथून चालत. आईनं पाय धुवायला पाणी दिलं, मग प्यायचा तांब्या पुढं केला, आणि दादाचा हात तांब्याच्या अलीकडंच हवेत मिटला. आई हसली. तिला वाटलं चेष्टा करतोय. त्यानंही हसून घेतलं आणि दुसऱ्यांदा तांब्या धरला. मला मात्र ते हसू आवडलं नाही. पुढच्या काही दिवसांत सगळं बाहेर आलं. मिसरमध्येच दिव्यांभोवती त्याला रंगीत कडी दिसू लागली होती. सुरुवातीला त्याला ते छान वाटलं, असं तो म्हणाला. हे कॅमेऱ्यात कसं पकडावं, याचा तो विचार करत बसला. मग बाजूचं दिसेनासं झालं, नळीतून बघावं तसं समोरचं तेवढं राहिलं. कॅमेऱ्याच्या भोकाला डोळा लावणाऱ्या माणसाला नळीतून बघण्याचं काय अप्रूप? म्हणून कुणाला कळलं नाही, त्याला स्वतःलाही बरेच दिवस कळलं नाही. बेला त्यानं आई आजारी आहे म्हणून सांगितलं होतं आणि तो निघून आला होता.

बांनी त्याला मुंबईला इस्पितळात नेलं. तिथल्या डॉक्टरनं काचबिंदू सांगितला, डोळ्याची शीर सुकत चालली आहे म्हणाला, आणि घरी न्या म्हणाला. महाडच्या वैद्यानं पोटातून घ्यायचं तूप दिलं. खालच्या वाडीच्या भगतानं कोंबडा मागितला. आई धण्याचं पाणी, पुनर्नवेचं मूळ, मध, जो जे सांगेल ते त्याच्या डोळ्यांत घालत राहिली, आणि तो मुकाट्यानं मान वर करून बसायचा, आग झाली तरी हूं की चूं न करता. भातलावणीच्या दिवसांत त्याला चिखलात वाकलेल्या बायकांची लुगडी दिसत होती. दिवाळीला पणत्या लावल्या तेव्हा त्यानं मला विचारलं, "लावल्या का गो?" आणि आई चुलीपुढून उठून मागच्या दारी गेली. घरात कुणी मोठ्यानं रडलं नाही. बा नेहमीसारखे गुरं सोडायचे, बांधबंदिस्ती करायचे, पण पडवीतून जाताना पाऊल न वाजवता जायचे, जणू आपल्याला दिसतं हाच त्याचा अपमान आहे. त्याचं लग्न जमत आलं होतं, तेही त्या सुमारास फिसकटलं, आणि त्यावर कुणी कुणाला बोल लावला नाही.

त्या हिवाळ्यात मी आणि दादा पडवीत खूप बसलो. मी तांदूळ निवडायची, आणि तो तोंड उन्हाकडं करून मला विचारायचा, ऊन कुठवर आलं. "तुळशीपाशी," मी म्हणायची. "अंगावर का पायाशी?" हे मला नीट बघून सांगावं लागे. मी सांगितलं की तो मान डोलवायचा आणि बोटानं हवेत चौकट काढायचा. त्याला एकच आशा होती. कैरोत डोळ्यांचे मोठे डॉक्टर आहेत, असं तो सांगायचा. त्या देशात डोळ्यांची दुखणी फार, म्हणून डॉक्टरही तसेच. एकदा तिथं पोचलो की झालं. पण आंधळ्या माणसाला बोटीवर घेणार कोण, सोबत जाणार कोण, आणि तिथं उतरल्यावर दार उघडणार कोण? बांनी आयुष्यात समुद्र पाहिला होता तो मुंबईच्या लाँचीपुरता.

होळी होऊन गेली होती तेव्हा पोलादपूरहून निरोप आला. बेची तार होती. तो मुंबईत आला होता, पुढच्या सिनेमासाठी त्याला हिंदुस्थानातले डोंगर हवे होते, आणि महदीच्या गावचे डोंगर बघायला तो स्वतः येत होता. बघून झालं की महदीला सोबत घेऊन जाणार होता. तार वाचून दाखवणारा माणूस निघून गेला तरी दादा उभाच. मग तो एकदम बोलायला लागला. बेला काही सांगायचं नाही. तो दोन दिवस राहील, तेवढे निभावायचे. बोटीत एकदा चढलो की मग सांगीन, तेव्हा तो मला समुद्रात थोडाच टाकणार आहे? तिथं गेलो की थेट डॉक्टरकडं.

"आन् त्यानं फोटू काडाय लावला मंजे?" आईनं विचारलं.

"काढीन. हे डोंगर मला पाठ हायेत, आये."

बा उंबऱ्यावर बसले होते. ते म्हणाले, "तुजं पोट ज्यानं भरलं त्याला फसवायचं?"

"फसवत नाय बा. उशिरा सांगतोय."

बा उंबऱ्याला हात टेकून उठले. मग म्हणाले, "मी आपन हून बोलनार नाय. पन त्यानं इचारलं तर खोटं बी बोलनार नाय. तेवडं माज्याच्यानं होयाचं नाय." एवढं बोलून ते गुरांकडं गेले. आई मात्र दादाच्या बाजूनं उभी राहिली. तो मिसरला जावा असं तिला कधीच वाटलं नव्हतं, पण पडवीत बसलेला तो तिला त्याहून बघवत नव्हता.

मग आमची तालीम सुरू झाली. आईनं तिच्या हातातल्या बांगड्या काढून माझ्या हातात घातल्या. त्या मला सैल होत, कोपरापर्यंत घरंगळत. मी पुढं चालायचं, बांगड्या वाजवायच्या, दादानं आवाजावर मागून यायचं. पायरी आली की मी खोकायचं. उजवीकडं वळायचं असलं की "हाड" म्हणून कुत्र्याला हाकलायचं, कुत्रं असो नसो. घरातून पडवी, पडवीतून अंगण, अंगणातून वरच्या माळाची वाट, असं आम्ही पुन्हा पुन्हा केलं. दादा ताठ चालायचा, मान वर, एक हात खिशात. लांबून पाहणाऱ्याला तो ऐटीत फिरणारा मुंबईकर वाटला असता. एकदा माळावर पोचल्यावर तो मला म्हणाला, "तानू, मला नं आता खरंच थोडं दिसायला लागलंय असं वाटतंय." मी "हां" म्हणाले. दुसरं काय म्हणणार? त्याच्या डोळ्यांवर भर दुपारचं ऊन होतं आणि पापणी लवत नव्हती.

बेला दासगावहून घेऊन आले ते महाडचे हसनमियाँ. ते पूर्वी बोटीवर खलाशी होते, एडन, बसरा, सुएझ असं सगळं हिंडलेले, त्यामुळं त्यांना अरबी बोलता येई. त्यांची बैलगाडी पोलादपूरपर्यंतच; पुढं दोघं चालत आले. बे उंच नव्हता. पांढरा सुती कोट धुळीनं लाल झालेला, डोक्यावर लाल गोंड्याची टोपी, खांद्याला चामड्याच्या पेटीत छोटा कॅमेरा. अंगणाच्या कडेला येताच त्यानं "महदी!" अशी आरोळी ठोकली, आणि दादा पडवीतून सरळ आवाजाच्या दिशेनं उतरला. पायरीला मी खोकले. दोघांनी एकमेकांना मिठी मारली, गालाला गाल लावले, आणि मग दादाच्या तोंडून धबधब्यासारखं अरबी बाहेर पडू लागलं. आई दाराआडून बघत होती. "ह्यो आपला महादूच हाय ना गो?" तिनं मला हळूच विचारलं. वर्षभरात त्याचा असा आवाज घरात कुणी ऐकला नव्हता.

दुपारी जेवणाचा प्रश्न आला. कोंबडा हसनमियाँनी स्वतः कापून दिला, म्हणजे पाहुण्याला चालेल. आईनं बांना विचारलं, ताटं येगळी ठेवायची का? तेव्हाची रीत तशीच होती. बा म्हणाले, "आपला पोरगा इतकी वर्सं त्याच्या ताटात जेवला. वाड." पडवीत सगळ्यांना एका ओळीत वाढलं. तांदळाच्या भाकऱ्या, कोंबड्याचं कालवण, उकड्या तांदळाचा भात, वाटीत कोकमाचं सार. बेला तिखट लागलं, डोळ्यांतून पाणी आलं, तरी तो बोटं चाटत होता. त्यानं आईकडं बघून छातीवर हात ठेवला आणि काहीतरी म्हणाला. हसनमियाँ म्हणाले, "माय, साहेब म्हंतात, मिसरमधी महदी रोज तुमच्या जेवनाच्या गोष्टी सांगून आमाला उपाशी मारायचा." आई हसली आणि लगेच पदर तोंडाला लावला. दादा ताटाच्या कडेवर बोट ठेवून जेवत होता, सावकाश, एक शीत न सांडता. मी त्याच्या डाव्या हाताला बसून पाण्याचा गडू बरोबर तिथंच ठेवत होते जिथं तालमीत ठेवला होता. मला वाटलं, निभेल. खरंच वाटलं.

उन्हं कलल्यावर आम्ही माळावर निघालो. मी पुढं, बांगड्या वाजवत; मागं दादा, मग बे आणि हसनमियाँ, आणि सगळ्यांत मागं बा, ज्यांना कुणी बोलावलं नव्हतं. आमच्या माळावरून सावित्रीचं खोरं खालपर्यंत उघडं दिसतं. पलीकडं डोंगरांच्या रांगा एकीमागं एक, जवळची हिरवट काळी, मग निळी, मग धुरकट, शेवटची आभाळात विरलेली. बे तिथं पोचला आणि उभाच राहिला. मग त्यानं कॅमेरा पेटीतून काढला आणि दादाच्या हातात दिला. दादाचे हात त्या कॅमेऱ्यावरून असे फिरले जसे आई पहिल्या वेताच्या गाईच्या कासेवरून फिरवायची. चावी कुठं, भिंग कुठं, त्याला शोधावं लागलं नाही. त्यानं चेहरा वळवला, गालावर ऊन घेतलं, थोडा सरकला, पुन्हा घेतलं. मग डावा हात लांब करून तो बेला सांगू लागला. अधूनमधून हिंदी शब्द येत होते, म्हणून मला कळलं, आणि हसनमियाँ बांसाठी हळू आवाजात आमच्या बोलीत सांगत होते.

"तो म्हनतो, डोंगर मधी नको, उजव्या हाताला ठेवू. डाव्या हाताला ही सावर. आत्ता तिला पान नाय, निस्ती फुलं. लाल रंग फिल्मवर काळा येतो, तवा आबाळावर ती फुलं काळी दिसतील. पाखरं बसल्यागत. सावर हाय म्हनून ह्यो डोंगर लांब वाटतो, नायतर वाटनार नाय."

डाव्या हाताला सावर नव्हती. आदल्या पावसाळ्यात, श्रावणाच्या वादळात, ती मुळासकट उन्मळून दरीकडं कोसळली होती. वाडीतल्या माणसांनी तिचे ओंडके केले, बुंध्याचा खड्डा पावसानं भरला, गाळानं बुजला. हे घडलं तेव्हा दादा घरात डोळ्यांत मध घालून निजलेला होता. आणि आम्ही तालमीसाठी इतके वेळा माळावर आलो, तरी तिचं नाव कुणाच्याच तोंडी आलं नाही. आंधळ्या माणसाला रोज किती गोष्टी सांगायला हव्यात, हे डोळसांना कळत नाही. जे पडलं ते आमच्यासाठी पडून गेलेलं होतं. त्याच्यासाठी ते उभं होतं, यंदाही फुललेलं होतं.

मी हसनमियाँकडं पाहिलं. त्यांनी बांकडं पाहिलं. सावर नाही म्हणून सांगावं तर दादा उघडा पडतो. न सांगावं तर तो पडलेलाच होता, फक्त त्याला माहीत नव्हतं. बांगड्या वाजू नयेत म्हणून मी एका हातानं दुसरं मनगट घट्ट धरून ठेवलं होतं, एवढं मला आठवतं. बे दादाच्या हाताच्या दिशेला बघत राहिला, त्या रिकाम्या जागेकडं. मग त्यानं दादाच्या चेहऱ्याकडं पाहिलं, नीट, जवळून. दादा सूर्याकडं तोंड करून हसत होता. आणि मग बे म्हणाला, "जमील. जमील, महदी." या शब्दाचा अर्थ मला ठाऊक होता, दादानंच शिकवला होता. सुंदर.

दादानं डोळ्याला कॅमेरा लावला आणि चावी सोडली. कॅमेऱ्याच्या आत माशी अडकल्यासारखी घरघर झाली. तो ओवी गुणगुणत होता, चावीवर आपोआप फिरणाऱ्या कॅमेऱ्याला तिची गरज नव्हती तरी. ती संपेपर्यंत आम्ही सगळे त्या न दिसणाऱ्या झाडापुढं उभे राहिलो. बेनं त्याला मध्येच थांबवलं नाही.

घरी परतताना माझ्या बांगड्यांची गरज पडली नाही. बेनं दादाच्या दंडात हात घातला होता, मित्र घालतो तसा, आणि दोघं बोलत उतरत होते. घरी आल्यावर दादा आत गेला, आईला म्हणाला, "आये, माझी ट्रंक काढ," आणि त्याच्या आवाजात इतका उत्साह होता की आईनं माझ्याकडं वळून काय झालं असं डोळ्यांनी विचारलं. मी उंबऱ्याबाहेर आले. बाहेर अंगणात बे बांपुढं येऊन उभा राहिला. टोपी हातात घेतली होती. त्यानं विचारलं ते हसनमियाँनी सांगितलं, फार हळू. "साहेब इचारतात, कवापास्नं?"

बा म्हणाले, "मागल्या वैशाखात आला तवा उतरनीला लागलं हुतं. दिवाळीपास्नं कायसुदिक नाय."

"साहेब इचारतात, डाक्टर काय बोलला?"

"शीर सुकली म्हनला. परत होनार नाय म्हनला."

बेनं आणखी एक गोष्ट विचारली. हसनमियाँ ती सांगताना अडखळले. "साहेब म्हंतात, आता म्या त्याला काय सांगू?"

माझे बा कमी बोलत, पण विचारलेल्याचं उत्तर देत. त्या वेळी ते अंगणातल्या दगडावर बसले आणि त्यांनी नुसतं डोकं हलवलं. आत आई ट्रंकेत दादाचे कपडे घालत होती आणि दादा तिला सांगत होता की लोकरीचा कोट वर ठेव, बोटीवर वारा असतो. ते सगळं अंगणात ऐकू येत होतं. बेनं तोंड दरीकडं फिरवलं आणि खांदे हलेपर्यंत तो रडला. मोठ्या पुरुषाला असं रडताना मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. त्याच्या हातात सगळं होतं असं आम्ही वर्षभर समजत होतो, बोट, कैरो, डॉक्टर, आणि तो आमच्याइतकाच रिकामा निघाला.

पुढं नर्सिंग शिकून मी मुंबईला डोळ्यांच्या वॉर्डात काम केलं, तेव्हा कळलं की शीर सुकल्यावर कैरोतही कुणाला काही करता आलं नसतं. हे कळून मला बरं वाटायला हवं होतं. वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी बे निघाला. आदल्या संध्याकाळी त्यानं दादाजवळ बसून त्याला काहीतरी समजावलं होतं. कंपनीचं काम अडलंय, नवा स्टुडिओ बांधून व्हायचाय, पाऊस संपला की बोलावणं पाठवतो, असं काहीसं. दादानं ते शांतपणं ऐकून घेतलं होतं. आईनं बेच्या हातात फडक्यात बांधलेले पोहे दिले. त्यानं ते कपाळाला लावले. अंगणातून निघताना तो परत फिरला, दादाला मिठी मारली, आणि दादाच त्याच्या पाठीवर थोपटत राहिला, जणू निरोप त्याला द्यायचा नव्हता, समजूत घालायची होती. हसनमियाँ पुढं झाले. त्यांची पावलं खालच्या वळणावर गेली, मग दगड घरंगळल्याचा आवाज आला, मग तोही थांबला. ट्रंक पडवीत तशीच भरलेली. ती उघडायला कुणी पुढं होईना.

दादा पायरीवर बसला. मीही बसले. ऊन पायरीवर आलं तेव्हा तो म्हणाला, "तानू, सावर कधी पडली?"

"सरावनात," मी म्हणाले. "वादळात. पन तुला कसं..."

"अनीस बेनं जमील म्हटलं." तो हळूच हसला. "इतकी वर्षं मी त्याच्याबरोबर काम केलं. मी लावलेली एकसुद्धा फ्रेम त्यानं पहिल्या झटक्यात चांगली म्हटली नाय. रोज भांडायचा. हे काढ, ते सरकव, तुला अक्कल नाय, मला अक्कल नाय. सगळ्या युनिटसमोर एकमेकांना शिव्या द्यायचो आम्ही. काल मी हात केला आणि तो भांडलाच नाय."

"मंग तू फिल्म का काडलीस? ट्रंक का भराय लावलीस?"

"त्याला बरं वाटावं म्हणून," तो म्हणाला. "इतक्या लांबून आला होता."

आई दारात उभी होती. तिनं हे ऐकलं, आणि ती पडवीत येऊन ट्रंकेपाशी बसली. लोकरीचा कोट काढून तिनं मांडीवर घेतला आणि त्याच्या घड्या उगाच पुन्हा पुन्हा करत राहिली. दादानं त्यानंतर मिसरचं नाव काढलं नाही असं नाही. काढलं, पुढं पुष्कळ वर्षं काढलं, वाडीतल्या पोरांना गोष्टी सांगितल्या, दोऱ्या वळायला शिकला, आईला जात्यावर हात द्यायला शिकला, आई गेल्यावर एकटा दळायचा. पण पावसानंतरच्या बोलावण्याची वाट त्यानं पाहिली नाही, आणि आम्हाला खोटं बोलायची वेळ त्यानं येऊ दिली नाही. त्या सकाळी मात्र तो अजून पायरीवर होता, तोंड माळाकडं.

"आता तिथं काय हाय गो?" त्यानं विचारलं.

"काय नाय दादा. आबाळ हाय."

"किती?"

मी उठून दोन्ही हात पसरले, जमतील तेवढे लांब, खांदे ताणून, आणि तशीच उभी राहिले. आईच्या बांगड्या कोपरापर्यंत घरंगळत गेल्या. दादा मान थोडी कलती करून वाट बघत होता, मी काय सांगते याची.